वैजूची झील

पोवाड्यात शाहिराच्या मागे उभं राहून जे साथ करतात त्यांना झीलकरी म्हणतात, आणि त्यांच्या साथीला झील. शाहीर डफावर थाप मारून ओळ टाकतो. मागचे लोक त्या ओळीचं शेपूट उचलतात, ‘जी जी रं जी’ करत घोळवतात आणि पुन्हा शाहिराच्या हवाली करतात. तेवढ्यात शाहीर श्वास घेऊन मोकळा होतो. ऐकणाऱ्याला वाटतं, काय या माणसाचा दम! तो दम खरं तर मागच्या तिघाचौघांचा असतो.

माझा थोरला भाऊ रंगराव खोत शाहीर होता. मी गडहिंग्लजच्या हायस्कुलात विज्ञान शिकवायची आणि यात्रांच्या हंगामात त्याच्या मागे झांज घेऊन उभी राहायची. त्यावरून शाळेत कुजबुज व्हायची. हेडमास्तर एकदा म्हणाले, “खोत बाई, निदान डोक्यावर पदर तरी घेत जा.” मी म्हटलं, “सर, पदर सावरत बसले तर झांज कोण वाजवणार?” त्यानंतर तो विषय त्यांनी काढला नाही.

दादाची एकुलती एक पोर वैजयंता, आमची वैजू. ती माझ्या शेजारी उभी राहून झील शिकली आणि अकराव्या वर्षी तिने पुढे येऊन डफ हातात घेतला. दादाला रेकॉर्डिंगचा भारी नाद. गावोगावचा प्रत्येक कार्यक्रम त्याने टिपून ठेवला होता, तारीख-वार घालून. पुढे जे घडलं ते त्या रेकॉर्डिंगांशिवाय घडलंच नसतं.

कॉलेजात असताना वैजू एकदा कोल्हापूरहून पायाने दाबायची एक चपटी लूपची पेटी घेऊन आली. परसात दादा शेंगा फोडत बसला होता. त्याच्यासमोर तिने ती पेटी ठेवली, अंगठ्याने दाबली, ‘जी जी रं जी’ म्हटलं, पुन्हा दाबली. पेटी तेच म्हणायला लागली. त्यावर तिने दुसरा थर चढवला, मग तिसरा. बघता बघता परसात पाच वैजू झील धरून उभ्या राहिल्या आणि सहावी त्यांच्यावर गायला लागली.

दादा शेंगा फोडायचा थांबला.

“झक्कास,” तो म्हणाला. “जेवायला घालायला नको, एस्टीचं तिकीट नको, तंबाखू मागत न्हाईत. पण उशिरा घेत्यात गं.”

“उशिरा म्हणजे?”

“झील शाहिराच्या तोंडातनं घेत्यात. त्यानं खाली टाकल्यावर न्हाई.”

“यंत्र हाय आबा ते. मी गायल्याशिवाय त्याला कसं कळणार मी काय गाणार ते?”

“मग शिकव की त्येला. तू शिकलीसच की.”

वैजू हसली. पण ते वाक्य तिच्या डोक्यात रुतून बसलं.

त्या पेटीवर तिने पुढची दहा-बारा वर्षं काढली. पुण्यातल्या कॅफेंमध्ये, कॉलेजांच्या गच्च्यांवर, रिकाम्या गोदामांत ती गायली. साखर कारखान्याचा भोंगा, आठवडी बाजारातल्या हाळ्या, तिच्या आईचं म्हशीवर ओरडणं, सगळं घशातून काढून ती एकावर एक रचायची आणि त्या ढिगाऱ्यावर आपली कवनं गायची. पोवाडेवाले म्हणायचे हा पोवाडा नाही, आणि इतरांना वाटायचं ही पोवाडेवाली. एका कार्यक्रमाला समोर सात माणसं होती, त्यातली तीन चहावाल्याच्या घरची. मध्यंतरात ती मला म्हणाली, “आत्ती, आपली झील पण सातापेक्षा मोठी असायची गं कधीकधी.” कोल्हापूरकडच्या बायका स्वतःबद्दल ‘मी जातो, मी गातो’ असं पुरुषासारखं बोलतात. वैजूने ती सवय अजूनही सोडलेली नाही. परदेशात मुलाखत देताना ती मराठीत बोलली की दुभाष्याचा गोंधळ उडायचा.

तौफिक मुजावर तिला असाच एका कार्यक्रमात भेटला. तो मूळचा कोल्हापूरचा. एका इस्पितळात रुग्णांच्या आवाजाचा अभ्यास करायचा. आवाजावरून आजार ओळखायची विद्या तेव्हा नुकती अंग धरत होती. कार्यक्रम संपल्यावर तो तिच्यापाशी आला आणि म्हणाला, “रागावणार नसाल तर एक सांगू? तुमचं यंत्र उशिरा येतं.”

वैजूने त्याच्याकडे रोखून पाहिलं. “आमच्या आबांना भेटलाय काय तुम्ही?”

दादा तोवर गेला होता. तो असता तर त्या दोघांच्या लग्नाला घरातून काय झालं असतं, मला सांगता येत नाही. तो नव्हता. रजिस्टर ऑफिसात साक्षीदार म्हणून सही करायला मी गेले. तौफिकने वाकून नमस्कार केला आणि तो म्हणाला, “आत्ती, तुम्हाला विज्ञानातलं कळतं असं वैजू म्हणते. मग माझं काम तुम्हालाच समजावतो. ती ऐकतच नाही.”

त्याने समजावलं ते असं. घशात दोन पट्ट्या असतात. त्यांच्यामधून हवा गेली की त्या थरथरतात आणि आवाज होतो. पट्ट्या किती ताणल्यात, एकीमेकीला किती चिकटतात, जीभ कुठे आहे, जबडा किती उघडला आहे, श्वास किती उरला आहे, हे सगळं नुसत्या आवाजावरून मोजता येतं. तौफिकचं यंत्र सेकंदाला शेकडो वेळा ते मोजायचं. ढगांचे फोटो पाहून उद्या पाऊस कुठे पडेल ते सांगतात, तसं या क्षणाच्या घशावरून ते पुढच्या क्षणाचा घसा काढायचं. वैजूची ओळ संपायच्या आतच तिचं शेपूट ते तिच्या तोंडातून उचलायचं. त्यांनी यंत्राचं नावच ‘झील’ ठेवलं.

यासाठी यंत्राला वैजूचा घसा पाठ हवा होता. दादाची सगळी रेकॉर्डिंगं त्याला ऐकवली, नंतरची तिचीही. पण अकरा वर्षांच्या मुलीचा घसा आणि पस्तिशीच्या बाईचा घसा एक नसतो. म्हणून तौफिकने यंत्राला वय हेही एक माप दिलं. तारखा होत्याच. घसा वयाबरोबर कसा बदलत गेला हे यंत्र शिकलं आणि त्याच जुन्या पेटीवर वयाचं एक बटण आलं. ते मागे फिरवलं की अकरा वर्षांची वैजू झील धरायची. अकराव्या वर्षी तिने जे कधीच गायलं नव्हतं, ते ती त्या कोवळ्या गळ्याने गायची.

मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा खोलीभर नजर फिरवली. परकर नेसलेली, गुडघा फुटलेली आमची पोर खोलीत कुठेतरी उभी होती आणि दिसत मात्र नव्हती.

त्यातून तिचं ते गाणं झालं, जे तुमच्यातल्या पुष्कळांनी ऐकलं असेल. ‘माझ्या मागं मीच उभी, माझ्या पुढं कोण?’ अकरा वर्षांची, विशीतली, तिशीतली वैजू मागे, आणि आजची वैजू पुढे. ज्यांनी तिला कॅफेत पाठ दाखवली होती तेच लोक तिकिटं मिळत नाहीत म्हणून मला फोन करायला लागले. ती रॉटरडॅमला गेली, सोलला गेली, तिथून फोन करून विचारायची, “आत्ती, इथं कांदा कसला गोड मिळतोय गं, पिठलं नासलं माझं.” गोदामातून मोठ्या रंगमंदिरापर्यंतची तिची वाट ही अशी. त्या वाटेवर तिच्या मागे तीच होती. पुढचं कुणी विचारलं नव्हतं, फक्त गाण्यात विचारलं होतं.

ते गाण्यातलं कोडं सोडवायची दुर्बुद्धी म्हणा की हौस, दोघांनाही एकदमच झाली. कोल्हापुरातल्या त्यांच्या फ्लॅटमधली तालमीची खोली, सकाळची वेळ. मी तोवर त्यांच्याकडेच राहायला आले होते, दारात मेथी निवडत बसले होते. तौफिकने बटण पुढे फिरवलं. पंचेचाळिशीची वैजू गायली. आवाज थोडा खाली उतरलेला, भरदार. खोलीतली खरी वैजू टाळ्या पिटून म्हणाली, “हीच! हिच्यासाठी मी एवढी वर्षं घासतोय.” तौफिकने आणखी फिरवलं. आवाजात एक सैलपणा आला. ओळी नीट उचलल्या जायच्या, पण शेवटाकडे येता येता विरायच्या. सूर सपाट, अक्षरं एकमेकांत मिसळलेली. त्यापुढे नुसता श्वास. सूर नसलेला, लयीत येणारा जाणारा श्वास.

“मेलो काय मी?” वैजूने विचारलं.

“गप गं. मृत माणूस श्वास घेत नाही,” तौफिक म्हणाला.

“मग हे काय आहे?”

“माहीत नसलं की यंत्र काहीतरी ठोकून देतं. पन्नाशीनंतरचा तुझा आवाज त्याने कुठे ऐकलाय?”

ते खरं वाटण्यासारखं होतं. पण तौफिक इस्पितळात काम केलेला माणूस. मी त्याच्याकडे पाहिलं तर तो बटणाकडे बघत होता, आमच्याकडे नाही. असा सपाट, विरणारा आवाज कुठल्या आजारात होतो ते त्याला ठाऊक होतं. मेंदूच्या त्या आजारात हात थरथरायच्या कितीतरी आधी आवाज बदलतो.

पुढे तो विषय बंद व्हायला हवा होता. झालं उलटंच. वैजूला त्या पुढच्या आवाजाने झपाटलं. ती तो कार्यक्रमात वापरायला लागली. प्रेक्षकांना माहीत नव्हतं हे काय आहे, त्यांना फक्त एक थकलेली बाई मंचाच्या अंधाऱ्या भागातून गातेय असं वाटायचं, आणि अंगावर काटा यायचा. घरी भाजी फोडणीला टाकताना ती गुणगुणायची तेव्हा मला दोन आवाज ओळखू यायचे. एक तिचा, आणि एक तिने उचललेला. गाणाऱ्याचा कान असाच असतो, जे ऐकतो ते घशात उतरतं. आणि तिचं गाणं ऐकून यंत्र दर महिन्याला नव्याने शिकत होतं. ती त्या आवाजासारखी गायची, यंत्र म्हणायचं, बघा, मी म्हटलं नव्हतं? आणि तो नुसत्या श्वासाचा काळ आणखी अलीकडे यायचा. पन्नाशीत होता तो अठ्ठेचाळिसात आला. मग सत्तेचाळिसात. ती तेव्हा एकोणचाळीस वर्षांची होती.

एके दिवशी ती माझ्या पुढ्यात येऊन बसली. “आत्ती, खरं सांग. माझा आवाज जाणार आहे काय?”

“डॉक्टरला विचार. मी कोण सांगणार?”

“डॉक्टरला विचारून आलो. डॉक्टर नाडगौडा म्हणाल्या, आज काहीच दिसत नाही. आज नाही म्हणजे उद्या नाही असंही नाही. एवढं तर शाळेतल्या पोरालाही सांगता येतं!”

मी तिला धीर दिला असं म्हणणार नाही. धीर माझ्याजवळ नव्हता. मी म्हटलं, “मला सगळं ऐकव. पहिल्यापासून.”

तीन-चार दिवस मी कानाला लावून दादाची जुनी रेकॉर्डिंगं ऐकली, मग तिची. दादाचा खाकरा ऐकला, माझीच झांज ऐकली, कुठल्या तरी यात्रेत मध्येच ‘निळ्या शर्टवाल्याची चप्पल सापडली आहे’ अशी घोषणा ऐकली. आणि मग मला ते ऐकू आलं. आयुष्यभर समोर होतं, म्हणून कधी दिसलं नव्हतं.

शाहीर आपली ओळ पुरी करत नाही. शेवटची दोन-तीन अक्षरं तो सोडतो, कारण झील ती उचलणार असते. दादा सोडायचा, वैजूही सोडायची. आमच्या घरात याला कुणी सोडणं म्हणतच नाही. ओळ पुरी होते, कुणाच्या तोंडून होते याच्याशी काय करायचंय? म्हणून तौफिकला ते सांगावं असं कुणाच्या मनातही आलं नाही. आणि साथीवर भरवसा जसा वाढतो तसा शाहीर ओळ आणखी आधी सोडतो. अकराव्या वर्षी वैजू एक अक्षर सोडायची. पेटी आल्यावर दोन. तौफिकची झील आल्यावर अर्धा शब्द. यंत्राने पाहिलं की ही बाई वर्षागणिक ओळीच्या शेवटी आधी-आधी गप्प होतेय. त्याने पट्टी ठेवून रेषा पुढे ओढली, आणि रेषा जाऊन पोचली गप्प होण्यापाशी.

नववीच्या वर्गात आलेख शिकवताना मी पोरांना हेच सांगायची. रेषा पुढे ओढायला अक्कल लागत नाही. ती कशामुळे उतरतेय ते आधी विचारा.

मी हे सांगितलं तेव्हा तौफिक उठून उभा राहिला. खिडकीपाशी गेला, परत आला. “आत्ती, हे मला तुम्ही लग्नाच्या दिवशी सांगायला हवं होतं.”

“त्या दिवशी तू मला घशाच्या पट्ट्या समजावत होतास,” मी म्हटलं.

वैजू हसत सुटली आणि हसता हसता रडली. आम्ही ठरवलं की एक वर्ष झील बंद. वैजूने यंत्र ऐकायचं नाही, साथ घ्यायची नाही, एकटीने गायचं आणि प्रत्येक ओळ स्वतः पुरी करायची. यंत्र नुसतं ऐकेल. जुनं शिकलेलं पुसून फक्त या वर्षाच्या गाण्यावरून, पट्ट्यांच्या बारीक थरथरीवरून, ते पुन्हा हिशेब मांडेल. उत्तर तौफिक ऐकेल आणि तिला सांगेल.

ते वर्ष तिच्या कारकिर्दीचं वाटोळं करणारं ठरलं. तिला बोलावणारे लूपच्या थरांसाठी बोलावायचे. एकटी, साधी, उघड्या गळ्याने गाणारी वैजू कुणाला नको होती. एका आयोजकाने फोनवर विचारलं, “मॅडम, बाकीच्या तुम्ही कधी येणार?” ती घरी आली की श्वास पुरत नाही म्हणून छाती दाबून बसायची. एवढी वर्षं दुसऱ्यांच्या दमावर गायलेली बाई पहिल्यांदा स्वतःचा दम मोजत होती. पण हळूहळू तिच्या गाण्यात एक गोष्ट आली जी आधी नव्हती. ओळीचा शेवट. तिचा स्वतःचा, जमिनीवर पाय टेकवावा तसा.

वर्ष संपलं. तौफिक खोलीचं दार लावून बसला. बाहेर आला तेव्हा चेहरा धुतलेला होता.

“स्वच्छ,” तो म्हणाला. “सत्तरीपर्यंत स्वच्छ. आत्तींचंच बरोबर होतं.”

त्या दुपारी तांबडा-पांढरा रस्सा झाला. शेजारच्यांना वाट्या भरभरून गेल्या. वैजूने त्या दिवशी जेवताना एवढी बडबड केली की तिचा रस्सा गार झाला.

त्यानंतरचे काही महिने सुखाचे गेले असं मी म्हणेन, पण मला काहीतरी टोचत होतं आणि काय ते कळत नव्हतं. घर पूर्वीसारखंच होतं. फक्त थोडं संथ. जेवणं लांबायची. तौफिक तिला काही विचारायचा, ती उत्तर द्यायची, आणि मग एक रिकामी जागा यायची. नळ बंद केल्यावर कानात जशी शांतता येते तशी. मग तो बोलायचा.

एका रविवारी पोहे खाताना वैजू म्हणाली, “लिंबू दे.”

तौफिकने तिच्याकडे पाहिलं. हात उचलला नाही. तो तिच्या ओठांकडे बघत थांबला, चेहऱ्यावर काही घाई नाही, अगदी मायेने.

“झालं माझं बोलून,” वैजू म्हणाली.

त्याने दचकून लिंबू पुढे केलं.

तिने ते घेतलं नाही. “तौफिक. तू माझ्यासाठी थांबालायस.”

“कुठे?”

“गेले कित्येक दिवस. मी बोललो की तू थांबतोस. माझं अजून यायचं आहे असं समजून थांबतोस.” तिचा आवाज शांत होता. मला तो ओरडण्यापेक्षा वाईट वाटला. “किती ऐकलंयस ते?”

तो बशीतला पोहा बोटाने इकडून तिकडे सारत राहिला.

“तौफिक.”

“रोज,” तो म्हणाला. “ऑफिसला जाताना. येताना. गाणं नाही, नुसतं बोलणं. ‘चहा टाक’, ‘दार लाव’, ‘आत्तींना विचार’. यंत्राकडून तुझ्या पन्नाशीतल्या आवाजात म्हणवून घेतो. फार हळू येतं ते, वैजू. एकेक शब्द लांबून येतो.”

“कशासाठी?”

“सवय व्हावी म्हणून.” त्याने पहिल्यांदा वर पाहिलं. “तशी वेळ आली तर मी घाई करू नये. तुझं वाक्य मी पुरं करू नये. तुला लाज वाटू नये.”

मी तिथून उठायला हवं होतं. उठले नाही. आमची झील, आमची सोडलेली अक्षरं, माझी पट्टी आणि माझा आलेख, सगळं बरोबर होतं. ओळीच्या शेवटाचा तो उतार खरंच भरवशाचा होता. तो काढून टाकल्यावर त्याच्या खाली दुसरा उतार होता, खूप बारीक, आणि तो दुसऱ्या कशाचाही नव्हता, घशाचाच होता; दार लावलेल्या खोलीत तौफिकने तोच पाहिला होता.

वैजू उठली. मला वाटलं आत जाऊन दार लावेल. ती त्याच्या खुर्चीपाशी गेली आणि त्याच्या पाठीत एक सणसणीत धपाटा घातला.

“मी अजून धडधाकट बोलतोय! अजून माझी जीभ सुरीसारखी चालते, आणि तू मला आत्ताच म्हातारी करून बसलास? माझी दहा वर्षं खाल्लीस की रे!”

“सात,” तौफिक म्हणाला, आणि त्याच क्षणी त्याला कळलं की यंत्राने दिलेला आकडा त्याने सांगून टाकला.

डॉक्टर नाडगौडांनी नवे कागद नीट वाचले. या वेळी त्यांनी आज-उद्याचं बोलणं केलं नाही. औषध पुढे लागलं तर देता येईल, म्हणाल्या, पण या आजारात माणूस हळू बोलतो आणि त्याला स्वतःला वाटतं आपण नेहमीसारखंच बोलतोय. कान आतून फसतो. त्याला उपाय एकच, आणि तो जितका लवकर सुरू होईल तितका बरा. “मोठ्याने बोला. रोज. गाणं नाही, गाणं तुम्हाला येतंच. बोलणं. ओरडा म्हणा ना. समोरच्याला खोडून काढायला जेवढा आवाज लागतो तेवढा.”

“भांडू म्हणता?” वैजूने विचारलं.

“जमेल का?”

“मला जमेल. ह्याचं बघा काहीतरी.”

तौफिकने जन्मात कुणाचं बोलणं मध्येच तोडलं नव्हतं. रिक्षावाल्याने वाट चुकवली तरी तो बिचारा वाक्य संपायची वाट बघायचा. वैजूने त्याला घरी नियम घालून दिला. ती तोंड उघडते न उघडते तोच त्याने मध्ये घुसायचं, ती त्याच्यावर आवाज चढवणार. पहिले काही दिवस ऐकवत नव्हतं.

“कांदा संपला—”

“माफ कर, पण कांदा मी आणला होता.”

“माफ कर नाही म्हणायचं! आणि कधी आणला होतास?”

“तू बोलून झाल्यावर सांगतो.”

“अरे, मी बोलून व्हायच्या आधी सांग!”

हळूहळू तो शिकला. मग त्याला चव लागली. सकाळी सातला घरात जी जुंपायची ती कपबशांना कंप सुटेपर्यंत. पंख्याचा वेग, माझी औषधं, मुजावरांचा मटणाचा मसाला की खोतांचा, कशावरूनही. खालच्या मजल्यावरच्या कामतकाकू एकदा वर आल्या आणि मला बाजूला घेऊन म्हणाल्या, “आत्ती, काही झालंय का हो ह्यांच्यात? इतकी वर्षं भांडणाचा आवाज नव्हता घरातून.” मी म्हटलं, “काही नाही, व्यायाम चाललाय.” त्यांचा विश्वास बसला नाही.

आता तौफिकच्या यंत्रासारखी यंत्रं मोठ्या इस्पितळांत आली आहेत. चाळिशी उलटली की लोक साखर तपासतात तसा आवाज तपासून घेतात. आपल्या माणसाचा पुढचा आवाज ऐकावा की नाही, यावरून घराघरांत वाद होतात. पुष्कळजण तौफिकला विचारायला येतात. तो त्यांना ऐकू नका असं सांगत नाही. एवढंच म्हणतो, की ऐकलंत तर तोंडावर दिसेल, आणि तुमच्या माणसाला ते तुमच्या आधी दिसेल.

वैजू गाते. लूपची पेटीही तिने पुन्हा काढली, साधी, जुनी, उशिरा घेणारी. वयाचं बटण मात्र तौफिकने उपटून काढलं. त्याच्या जागी पेटीला एक भोक राहिलंय. लोक विचारतात, त्यात काय होतं? ती काहीतरी थाप मारते, दर वेळी वेगळी.

तौफिकने तोंडातून काढलेली ती सात वर्षं आता भरत आली आहेत. आम्ही तिघंही ते बोलून दाखवत नाही.

परवा तिचा फोन आला. ती तौफिकबरोबर दौऱ्यावर आहे, फार लांब, तिथून बोलणं पोचायला तसाही थोडा वेळ लागतो.

“आत्ती,” ती म्हणाली.

आणि मग काहीच नाही. फोनमधून नुसतं बारीक सूं सूं. तिचा श्वास होता की तारेतला वारा, मला सांगता येणार नाही. माझं वय ऐंशीच्या पुढे गेलंय, कानही तसेच. मी फोन घट्ट धरला.

पण मी थांबले नाही. “आत्ती-बित्ती काही नको,” मी खोली दणाणेल एवढ्याने ओरडले, “आठ दिवस झाले, एक फोन नाही तुझा! तिकडं जाऊन बसलीस की आम्ही मेलो की जगलो कशाला बघशील? आणि तौफिकच्या बॅगेत मी ठेवलेली चटणी तू घेतलीस ती घेतलीस, वर मलाच विचारतेस—”

“मी कुठं काय विचारालो!” तिकडून ती कडाडली.

“विचारणार होतीस!”

“मला बोलू तरी दे की गं!”

“नाही देणार,” मी म्हटलं, आणि तिने तोंड उघडायच्या आत पुढचं सुरू केलं.